पुळणीवरचा उजेड: कोकण किनाऱ्यावर लाइट आणि ग्रिपचं काम कसं करावं

गोरेगावच्या स्टुडिओच्या फ्लोअरवर हात बसलेला लाइटमन पहिल्यांदा किनाऱ्यावर येतो, तेव्हा दिव्यांबद्दल त्याला फारसं नवं शिकावं लागत नाही. उन्हाच्या रंगाचा मोठा दिवा एचएमआय तोच, दिवे-कापडं धरणारा सी-स्टँड तोच, उजेड अडवणारा काळा कटर तोच. नवं असतं ते वेळापत्रक. फ्लोअरवर ते प्रॉडक्शन ठरवतं. पुळणीवर, म्हणजे किनाऱ्याच्या वाळूवर, ते भरती, वारा आणि सूर्य ठरवतात, आणि या तिघांपैकी कोणीच असिस्टंट डायरेक्टरचं ऐकत नाही. त्यामुळे या लेखात उपकरणांची माहिती बेताचीच आहे. कोणतं काम कोणत्या तासाला करायचं आणि कोणतं अजिबात करायचं नाही, यावर भर जास्त. छोटं युनिट घेऊन अलिबाग ते वेंगुर्ला पट्ट्यात येणाऱ्यांना तो उपयोगी पडेल, आणि गावात शूटिंग आलं म्हणून युनिटला लागणाऱ्या इथल्या मुलांनाही.

कामाची वाटणी आधी सांगतो. कॅमेरामन म्हणजे डीओपी. प्रकाश कसा हवा ते तो सांगतो. तो प्रकाश कोणत्या दिव्याने, कुठून आणि किती विजेवर आणायचा हे गॅफर ठरवतो. त्याच्या हाताखाली लाइटमन. ग्रिपवाल्यांकडे कॅमेरा ज्यावर उभा राहतो आणि हलतो ते सगळं: ट्रॅक-ट्रॉली, जिमी जिब (लांब दांड्याची हलकी क्रेन), क्रेन, गाडीवर किंवा होडीवर कॅमेरा बांधणं. अमेरिकी पुस्तकं किंवा व्हिडिओ पाहून शिकलेल्यांचा इथे गोंधळ होतो. तिकडे कटर आणि कापडाच्या फ्रेम ग्रिप सांभाळतात. आपल्याकडे कटर, स्किमर (उजेड मऊ करणारं चौकटीवरचं कापड), उजेड परतवणारा थर्माकोल हे सगळं लाइटमनच्या अंगावर असतं. कॅमेऱ्याच्या पेट्या भाड्याच्या कंपनीकडून आलेला अटेंडंट सांभाळतो. त्याला विचारल्याशिवाय त्या उघडायच्या नाहीत.

आधी तिथी, मग शॉट

कोकणातल्या कोणत्याही खलाशाला भरतीची वेळ विचारा, तो तिथी मोजतो. हिशोब सोपा आहे: तिथीच्या आकड्याची पाऊणपट करा, तेवढे वाजता भरती पूर्ण. चतुर्थीला तीन, अष्टमीला सहा, एकादशीला सव्वाआठ. पौर्णिमा-अमावास्येला पंधराची पाऊणपट सव्वाअकरा येते, प्रत्यक्षात भरती दुपारी बाराच्या आसपास धरतात. पुढची भरती सुमारे साडेबारा तासांनी, आणि भरती-ओहोटीत साधारण सव्वासहा तासांचं अंतर. दररोज ही वेळ पाऊण तास ते पन्नास मिनिटं पुढे सरकते. नक्की मिनिटांसाठी त्या बंदराचं भरतीचं कोष्टक पाहायचंच, पण रेकीला, म्हणजे शूटिंगची जागा पाहायला गेल्यावर, उभ्या उभ्या बोलताना हा हिशोब पुरतो.

शूटिंगसाठी याचा अर्थ काय? आपला किनारा पश्चिमेला तोंड करून आहे. सूर्यास्ताचा शॉट सगळ्यांनाच हवा असतो, आणि तो संध्याकाळी सहा-सातच्या दरम्यान. पौर्णिमा-अमावास्येला दुपारी भरती, म्हणजे सूर्यास्ताला पूर्ण ओहोटी. पुळण लांबवर उघडी पडलेली, ओल्या वाळूत आकाशाचं प्रतिबिंब, पाय ठेवायला घट्ट जमीन. अष्टमीला याच्या नेमकं उलट: सूर्य बुडताना भरती पूर्ण, पुळण अरुंद, आणि ट्रॅक टाकायला जागा थोडीच.

माझं मत विचाराल तर सूर्यास्ताच्या शॉटसाठी पौर्णिमा किंवा अमावास्या आणि तिच्यानंतरचे तीन-चार दिवस मागून घ्यावेत. त्या दिवसांत संध्याकाळी पाणी उतरत असतं किंवा उतरून थांबलेलं असतं. एकादशी ते त्रयोदशी हे दिवस फसवे. सहा वाजता पुळण बरीच रुंद दिसते, पण पाणी चढतं आहे. क्रेन मांडून, वजनं चढवून पहिला टेक होईपर्यंत लाट चाकाला लागते. उधाणाच्या दिवसांत पाणी जास्त आत येतं आणि जास्त बाहेर जातं. अष्टमीच्या सुमाराच्या भांगाला, म्हणजे कमी जोराच्या भरतीला, हा फरक कमी. मुंबई-अलिबागकडे भरती-ओहोटीतलं अंतर मोठं, मालवण-वेंगुर्ल्याकडे त्यापेक्षा बरंच कमी. अलिबागला कामाला आलेला अंदाज तारकर्लीला लावू नका.

प्रॉडक्शनने तारखा आधीच पक्क्या केलेल्या असतील, तर निदान शॉटचा क्रम तरी तिथीवर बसवून घ्या. हे सांगणं गॅफरचं आणि ग्रिपवाल्यांच्या मुख्याचं, म्हणजे की ग्रिपचं, काम आहे. डीओपीला प्रतिबिंब हवं असतं. पाणी कुठे असेल ते त्याला तुम्ही सांगायचं.

रेकीला काय पाहायचं

डायरेक्टर समुद्राकडे पाहत असतो तेव्हा तुम्ही मागे वळून रस्ता पाहा. जनरेटर व्हॅन कुठवर येईल? कोकणातल्या पाखाड्या (पायऱ्यांच्या अरुंद वाटा), दोन्ही बाजूंचे दगडी गडगे, वरून लोंबणाऱ्या विजेच्या तारा आणि रस्त्यात वाकलेले माड यांमुळे गाडी पुष्कळदा पुळणीपासून शंभर-दोनशे मीटर अलीकडेच थांबते. गाडीची उंची आणि रुंदी लिहून न्या, टेपने मोजा. मार्गात खाडी असेल तर प्रश्न वेगळा. दाभोळ-धोपावे, जयगड-तवसाळ, आगरदांडा-दिघी, वेसवी-बागमांडले इथे फेरीबोटी आहेत, पण जड गाडी घेतात का, किती वजनाची, शेवटची फेरी किती वाजता, हे धक्क्यावर जाऊन विचारायचं. नाहीतर सगळं सामान महामार्गाला परत नेऊन वळसा.

सूर्य कुठून येतो तेही तिथेच पाहा. सकाळचं ऊन सह्याद्रीकडून येतं, आणि डोंगराच्या पायथ्याशी असलेल्या गावात ते किनाऱ्यावर उशिरा उतरतं. तोवर बराच वेळ मऊ, सावलीविरहित उजेड मिळतो. तो फुकटचा असल्यामुळे त्याला कोणी मोजत नाही, पण क्लोजअपसाठी किनाऱ्यावरची सगळ्यात चांगली वेळ तीच. मे महिन्याच्या पहिल्या पंधरवड्यात आणि पुन्हा ऑगस्टच्या सुरुवातीला दुपारचा सूर्य कोकणात अगदी डोक्यावर येतो. त्या तासांत डोळ्यांच्या खोबणी काळ्या पडतात. बाहेरचं काम तेव्हा ठेवूच नये. घरातले सीन घ्यावेत, नाहीतर जेवण.

परवानग्या हे प्रॉडक्शनचं काम, पण गॅफरला त्या माहीत असाव्यात, कारण जमिनीत खुंटी तोच ठोकतो. राज्यातल्या शूटिंगसाठी महाराष्ट्र चित्रपट, रंगभूमी आणि सांस्कृतिक विकास महामंडळाची एक खिडकी योजना आहे. जेटीचा संबंध महाराष्ट्र सागरी मंडळाशी येतो. सिंधुदुर्ग, विजयदुर्ग, सुवर्णदुर्ग, जंजिरा हे किल्ले भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाकडे आहेत. तिथल्या भिंतीला क्लॅम्प लावायचा नाही आणि खिळा तर नाहीच.

वीज: इथे घाई नको

हिशोब एकच: वॅट भागिले २३० म्हणजे अँपिअर. हजार वॅटच्या दिव्याला सुमारे साडेचार अँपिअर. घरातल्या १६ अँपिअरच्या सॉकेटवर कागदावर ३६८० वॅट बसतात, पण कायम चालणारा भार ८० टक्क्यांच्या आत ठेवायचा, म्हणजे २९०० च्या पुढे नाही. तेही वायरिंग नवं असेल तर. जुन्या कौलारू घरातल्या वायरिंगवर एखाद्या लहान एलईडीपेक्षा जास्त काही लावू नका. घरमालक 'लावा हो, काही होत नाही' म्हणतात, ते पाहुणचारापोटी.

१२५ केव्हीएचा जनरेटर तीन फेजवर प्रत्येकी सुमारे १७० अँपिअर देतो. कामाला १४० धरा. भार तिन्ही फेजवर शक्य तेवढा सारखा वाटा आणि कोणता दिवा कोणत्या फेजवर आहे ते कागदावर लिहा. न्यूट्रल सैल होणं हा सगळ्यात वाईट बिघाड. फेज-न्यूट्रलमध्ये २३० ऐवजी त्याहून कितीतरी जास्त व्होल्टेज येऊन कमी भाराच्या फेजवरचे एलईडी आणि बॅलास्ट (एचएमआयला वीज पुरवणारी पेटी) एका क्षणात जळू शकतात. म्हणून जोडताना अर्थिंगची तार आधी, मग न्यूट्रल, मग फेज. काढताना याच्या उलट.

गाडी दूर असली की केबल लांबते आणि व्होल्टेज पडतं. १६ चौरस मिलिमीटरच्या तांब्याच्या केबलवर १०० मीटर अंतरावर ५० अँपिअर ओढले तर ११-१२ व्होल्ट वाटेतच जातात. जाड केबल मागवा, आणि मीटर जनरेटरपाशी न लावता दिव्यापाशी लावून पाहा. गुंडाळीतली केबल पूर्ण उलगडायची. गुंडाळलेली तशीच भारावर ठेवली तर ती आतून तापते.

अर्थिंगसाठी सळई ठोकायची जागा रेकीतच शोधा. सड्यावर, म्हणजे कातळाच्या माळावर, जांभ्या दगडात सळई शिरत नाही, आणि कोरड्या वाळूत ती शिरली तरी उपयोग नाही. ओल उतरलेली माती पाहा, माडाच्या आळ्याजवळची चालते. प्रत्येक वाटपपेटीवर ३० मिलिअँपिअरचा ईएलसीबी (विजेची गळती झाली की पुरवठा तोडणारा स्विच) हवाच. तो सारखा पडतो म्हणून कोणी बायपास करायला सांगितलं तर स्पष्ट नाही म्हणा. तो पडतो आहे म्हणजे कुठेतरी खारं पाणी जोडात शिरलं आहे. अनवाणी, मिठाच्या पाण्याने भिजलेल्या पायांच्या माणसाला बसणारा धक्का कोरड्या माणसापेक्षा कितीतरी वाईट असतो. जोड जमिनीवर ठेवू नका, ॲपल बॉक्सवर, म्हणजे लाकडी खोक्यावर, उचला. प्लास्टिकची पिशवी गच्च बांधली तर आत घाम धरतो. वरून छप्पर द्या, खालून उघडं ठेवा.

लाटेच्या रेषेच्या खाली २३० व्होल्टची केबल नेऊ नका. तिथे बॅटरीवरचे दिवे. ९८ वॅट-तासांच्या एका व्ही-माउंट बॅटरीवर ६० वॅटचा एलईडी दीड तासाच्या आसपास चालतो, त्या हिशोबाने बॅटऱ्या आणि चार्जर मागवा.

वारा आणि स्किमर

दिवसा समुद्राकडून येणारा तो खारा वारा, रात्री आणि पहाटे जमिनीकडून जाणारा तो मतलई. खारा वारा साधारण उशिरा सकाळी सुरू होतो आणि दुपारी जोर धरतो. मोठी फ्रेम सकाळी लवकर उभारली तर ती शांत उभी राहते, आणि तिथेच माणूस फसतो. दुपारी तीच फ्रेम शीड होते.

आकडा सांगतो. १२ बाय १२ फुटांच्या फ्रेमवर अखंड कापड असेल आणि ताशी ३० किलोमीटरचा वारा समोरून आला, तर तिच्यावर साधारण ६० किलोचा ढकलता जोर येतो. वाऱ्याचा वेग दुप्पट झाला की जोर चौपट. म्हणजे दोन सँडबॅग टाकून चालणार नाही. चारही कोपऱ्यांना दोर, दोर ४५ अंशांत, आणि वाळूत साधी खुंटी कधीच धरत नाही. रिकामं पोतं एक तृतीयांश वाळूने भरा, त्याला दोर बांधा, दोन-अडीच फूट खड्ड्यात आडवं पुरा आणि वर वाळू दाबा. मुंबईहून भरलेल्या सँडबॅग वाहून आणण्यापेक्षा रिकाम्या पिशव्या आणा. निघताना वाळू तिथेच ओता.

प्रत्येक फ्रेमला एक माणूस नेमा, आणि त्याचं दुसरं काही काम ठेवू नका. वारा वाढला की आधी अखंड कापड काढून जाळी लावा, तरीही हलत असेल तर फ्रेम जमिनीवर आडवी. डीओपीचा चेहरा पडतो, पडू दे.

थर्माकोल पुळणीवर आणू नये. तुटला की दाणे वाऱ्यावर पसरतात आणि वेचून संपत नाहीत. त्याऐवजी ४ बाय ४ च्या लाकडी चौकटीवर ताणलेलं पांढरं कापड. उसळवलेला उजेड कापडावरून किती सुंदर येतो हे सुब्रत मित्रांनी १९५० च्या दशकातच दाखवलं आहे. स्टुडिओत बांधलेल्या अंगणावर पांढरं कापड ताणून त्यांनी दिवे खालून त्यावर मारले, आणि आकाशातून झिरपल्यासारखा प्रकाश खाली आला. आजही कमी पैशांत मऊ उजेड हवा असेल तर याहून चांगला मार्ग मला माहीत नाही.

संध्याकाळचे दोन तास

समुद्र पाठीमागे घेऊन नट उभा आहे, सूर्य त्याच्या मागून कललेला. चेहरा अंधारात. सूर्याला अजून जोर आहे तोवर चंदेरी रिफ्लेक्टर जमिनीच्या बाजूला, नटापासून जरा वर आणि कडेला उभा करा. तोच सूर्य परत त्याच्या चेहऱ्यावर येतो. डोळे मिचकावत असेल तर रिफ्लेक्टरसमोर बटर पेपरची चौकट धरा किंवा पांढऱ्या कापडावर या. खालून उजेड येऊ देऊ नका; तारकर्लीची पांढुरकी वाळू तसंही खालून उसळवतच असते. अलिबागच्या काळपट वाळूत ती मदत मिळत नाही, तिथे बाउन्स जवळ आणावा लागतो. सड्यावर काम असेल तर जांभ्याची तांबूस झाक हनुवटीखाली चढते, माडाखाली हिरवी. कॅमेऱ्याच्या मॉनिटरवर ती दिसली की चौकटीबाहेरच्या जमिनीवर करडं किंवा काळं कापड पसरा.

सूर्य टेकला की रिफ्लेक्टर निरुपयोगी. इथून पुढे एचएमआय किंवा एलईडी. एचएमआय ५६०० केल्विनचा, म्हणजे दुपारच्या उन्हासारखा पांढरा; मावळतं ऊन त्याहून खूप पिवळं. दिव्यासमोर अर्धा सीटीओ (उजेड पिवळसर करणारं जेल) लावा, पुढे गरजेनुसार पूर्ण. मग सूर्य बुडाल्यापासून वीस-बावीस मिनिटं निळसर उजेड टिकतो, आपल्या अक्षांशावर त्याहून जास्त नाही. या वेळात आकाश मिनिटामिनिटाला उतरतं. दिवा तसाच ठेवला तर पहिल्या टेकमध्ये नैसर्गिक वाटणारा चेहरा चौथ्या टेकमध्ये चिकटवल्यासारखा दिसतो. म्हणून या वेळेला डिमरवर चालणारा एलईडीच हवा, आणि डिमरपाशी असा माणूस, जो प्रत्येक टेकआधी डीओपीकडे पाहून उजेड थोडा उतरवेल. क्लोजअप आधी संपवा, रुंद शॉट शेवटी. रुंद शॉटला दिवा लागत नाही.

जुन्या मॅग्नेटिक बॅलास्टचे एचएमआय, गावातल्या ट्यूबलाइट, दुकानातले स्वस्त एलईडी हे सगळे आपल्या ५० हर्ट्झच्या विजेवर लुकलुकतात. कॅमेरा २४ फ्रेमवर असेल तर शटर १७२.८ अंशांवर ठेवा, म्हणजे सेकंदाचा पन्नासावा भाग. स्लो मोशन घ्यायचं असेल तर चौकटीत येणाऱ्या बाजारपेठेतले दिवे लुकलुकतात का ते आधी तपासून घ्या.

वाळूत ट्रॅक

कोरड्या वाळूत नुसता ट्रॅक टाकला तर ट्रॉली मध्यावर येताच रूळ बसतो आणि कॅमेरा मान टाकतो. क्रम असा:

१. पाण्याची वरची रेषा शोधा. शेवाळ, शिंपले, काटक्यांची जी ओळ दिसते ती कालच्या भरतीची. तिच्या खाली टाकायचं असेल तर परतीची वेळ आत्ताच ठरवा आणि मोठ्याने सांगा.

२. फावड्याने पट्टा साफ करा, ओली वाळू असेल तर दाबा, कोरडी असेल तर पाणी मारून दाबा.

३. ८ बाय ४ फुटांच्या १८ मिलिमीटरच्या प्लायचे उभे तुकडे करून अंथरा. सांधे ट्रॅकच्या सांध्याखाली येऊ देऊ नका.

४. ट्रॅकची सगळ्यात उंच जागा शोधा आणि तिथून लेव्हल सुरू करा. बाकी सगळं पाचरी आणि गुटके घालून तिच्या उंचीला आणा. उंच जागा खणून खाली आणायला गेलात की काम संपत नाही.

५. आधी एक रूळ लांबीत सरळ, मग स्पिरिट लेव्हल आडवी ठेवून दुसरा त्याच्या उंचीला. शेवटी रिकामी ट्रॉली, मग माणूस बसवून ट्रॉली, आणि कान रुळाला. सांध्यावर टकटक आली तर साउंडवाल्याच्या आधी तुम्हीच पकडा.

६. रुळाला तेल लावू नका, त्यावर वाळू चिकटते. टाल्कम पावडर पुरते. प्रत्येक टेकनंतर कोरड्या फडक्याने रूळ पुसायला एक मुलगा.

ट्रायपॉडचे पाय सरळ वाळूत खोचू नका, स्प्रेडरखाली प्लायचा तुकडा. लाटेत कॅमेरा ठेवायचा असेल तर प्रत्येक लाट पायाखालची वाळू उकरते, हे धरून दर टेकला लेव्हल तपासा.

क्रेन आणि जिमी जिबबद्दल एकच नियम, पण तो कधीही मोडायचा नाही: कॅमेऱ्याकडच्या टोकावरचं वजन काढण्याआधी मागची वजनं उतरवायची. क्रेनवर ऑपरेटर बसला असेल तर ग्रिपने सांगितल्याशिवाय त्याने पाय खाली टाकायचा नाही, मागे भरती आली तरीही.

होडीवर कॅमेरा

होडीवर शब्द तांडेलाचा, म्हणजे होडीच्या प्रमुखाचा. किती माणसं, कोण कुठे बसणार, आज खाडीच्या तोंडापर्यंत जायचं की नाही, हे तो सांगेल. लाइफ जॅकेट प्रत्येकाला, कॅमेऱ्याचा फोकस सांभाळणाऱ्या फोकस पुलरलाही. १ जून ते ३१ जुलै राज्यात यांत्रिक मासेमारी बंद असते. मोठ्या होड्या तेव्हा किनाऱ्यावर ओढलेल्या असतात, त्यामुळे चालत्या होडीचे सीन त्या महिन्यांत लिहून ठेवू नयेत.

कॅमेरा हाय-हॅटवर (ट्रायपॉडऐवजी वापरायचा बुटका आधार), हाय-हॅट प्लायवर, प्लाय रॅचेट पट्ट्यांनी होडीच्या आडव्या फळीला. चालू इंजिनाची थरथर पट्ट्यांमधून थेट फ्रेममध्ये येते. तेव्हा वेग आणा, इंजिन बंद करा आणि होडी वाहत असताना शॉट घ्या, किंवा कॅमेरा खांद्यावर घ्या, शरीर थरथर पितं. लेन्सवर खाऱ्या तुषाराचे डाग पडतात. आधी ब्लोअर, मग लेन्सचं द्रावण, मग कापड. कोरडं पुसलं तर मिठाचे कण काचेवर ओरखडे काढतात.

एसी खोलीतून काढलेला कॅमेरा सकाळच्या दमट हवेत लगेच उघडला तर लेन्स आतून धुरकटते. पेटी बंद ठेवूनच अर्धा तास आधी बाहेर ठेवा.

कौलारू घरात

ओटीवर उजेड, माजघरात काळोख: कोकणी घराचं खरं सौंदर्य या उतरणीत आहे, आणि अननुभवी गॅफर सगळीकडे सारखा उजेड भरून ते मारतो. दिवे शक्यतो बाहेर, खळ्यात किंवा पडवीच्या पलीकडे, खिडकीतून आत येणारे. माजघरात एखादं पांढरं कापड, एवढंच. काचेच्या कौलातून येणारा उजेडाचा खांब हवा असेल तर कौलांवर चढू नका, ती माणसाच्या भाराने फुटतात. घराला न टेकणारी स्वतंत्र परांची बांधा आणि तिथून १.२ किलोवॅटचा एचएमआय किंवा छोटा स्पॉट एलईडी त्या काचेवर मारा. आत थोडासा धूर.

सारवलेल्या जमिनीवर स्टँडचे पाय रुततात, खाली रबराचे तुकडे किंवा प्लाय द्या. जुन्या वाशांना क्लॅम्प लावताना मध्ये लाकडाची पट्टी घाला. तुळशीवृंदावनावर केबल टाकायची नाही, देवघरात बूट घालून जायचं नाही. हे न पाळणाऱ्या युनिटला त्या वाडीत दुसऱ्यांदा घर मिळत नाही.

रात्र आणि कासवं

चांदण्याचा दिवा माडांच्या मागून, उंचावरून आणि शक्य तितका लांबून. अंतर दुप्पट केलं की उजेड चौथाई होतो, पण लांबून मारल्याने नट दोन पावलं पुढे आला तरी फरक दिसत नाही. धुराचं यंत्र रात्री जमिनीच्या बाजूला ठेवा, मतलई तो समुद्राकडे नेईल. संध्याकाळी खारा वारा चालू असेपर्यंत मात्र उलट. पावसाळ्याच्या तोंडावर पांढऱ्या दिव्यावर किड्यांचे थवे येतात. एक फालतू दिवा सेटपासून लांब, आधीपासून पेटवून ठेवा, बरेचसे तिकडे जातात.

रात्री हात कमी पडले तर गावातली दशावतार किंवा नमन या लोकनाट्यांच्या रंगमंचाची वीज पाहणारी मुलं शोधा. त्यांना केबल कुठून न्यायची आणि कोणत्या फांदीवर भार टाकायचा नाही हे माहीत असतं.

वेळास, आंजर्ले आणि अशा अनेक किनाऱ्यांवर ऑलिव्ह रिडले कासवं हिवाळ्यात अंडी घालतात आणि उन्हाळ्याच्या सुरुवातीपर्यंत पिल्लं बाहेर पडत राहतात. पिल्लू सगळ्यात उजळ दिशेला, म्हणजे एरवी समुद्राकडे चालतं. तुमचा दिवा जमिनीकडे असेल तर ते तिकडे येतं आणि मरतं. मादीही उजेड पाहून अंडी न घालता परत फिरते. वन्यजीव संरक्षण कायद्याने हे कासव पहिल्या परिशिष्टात आहे. विणीच्या महिन्यांत अशा पुळणीवर रात्रीचं शूट मागूच नये. जवळच्या गावात शूट असलं तरी वनखात्याशी आणि तिथल्या कासवमित्रांशी आधी बोला, दिवे समुद्राच्या बाजूने झाका, आणि शॉट संपताच बंद करा.

पावसात

एचएमआयची पुढची काच तापलेली असताना थेंब पडला तर ती तडकू शकते, आणि काचेविना तो दिवा लावायचा नाही, कारण त्यातून अतिनील किरण बाहेर येतात. वर कापडी छत द्या, पण गरम हवा निघायला जागा सोडा. बंद केलेला एचएमआय काही मिनिटं थंड होऊ द्या. गरम असतानाच पुन्हा पेटवायला गेलं की बरेच दिवे लागत नाहीत. पाण्याला टिकणाऱ्या आयपी६५ दर्जाच्या एलईडी ट्यूब असतील तर पावसाचं निम्मं काम त्यांच्यावर काढा. पाऊस कॅमेऱ्यात दिसायला हवा तर दिवा मागून हवा, समोरून मारलेल्या उजेडात तो नाहीसा होतो. आणि ढगाळ दिवशी उजेड वाढवण्यापेक्षा कमी करा: चेहऱ्याच्या एका बाजूला काळा कटर जवळ आणला की सपाट चेहऱ्याला आकार येतो. वीज कडाडू लागली की स्टँड खाली, जनरेटर बंद, माणसं आत.

पॅकअपनंतरचं मीठ

हे काम सगळे दमलेले असताना करायचं असतं, म्हणून ते उद्यावर जातं, आणि उद्या स्टँड उघडत नाही. त्याच रात्री सी-स्टँड, ट्रायपॉडचे पाय, ट्रॅक, ट्रॉलीची चाकं, क्लॅम्प गोड्या पाण्याने धुवा. विहिरीचं पाणी चालतं, पण खाडीलगतच्या विहिरीचं आधी चाखून पाहा. स्टँड पूर्ण लांबवून धुवायचे आणि उघडे ठेवूनच वाळवायचे. बंद करून ठेवले तर नळीच्या आत पाणी राहतं. वाळल्यावर स्क्रूवर हलका सिलिकॉन फवारा. बेअरिंगमध्ये वाळू गेली असेल तर चाक फिरवून साफ करायचा प्रयत्न न करता उघडा.

दिवे, बॅलास्ट आणि जोड यांवर पाणी नको. गोड्या पाण्यात बुडवून पिळलेलं फडकं बाहेरून, मग कोरडं फडकं, प्लगच्या पिनांना कॉन्टॅक्ट क्लीनर. स्किमरची कापडं साध्या पाण्यात खळबळून सावलीत वाळवा. खारट कापड घडीत ओलं राहतं आणि बुरशी धरतं.

सामान परत पाठवताना भाड्याच्या कंपनीच्या माणसासमोर मोजून द्या. काय गंजलं, काय वाकलं, काय हरवलं याची यादी दोघांच्या सहीने तिथेच करा आणि तिचा फोटो प्रॉडक्शन मॅनेजरला लगेच पाठवा. चार दिवसांनी गोदामात उघडलेल्या पेटीतला गंज कोणत्या शूटचा, हे कोणालाच ठरवता येत नाही, आणि पैसे मग लाइटमनच्या बिलातून कापले जातात.